महाराजांपाशी ये

"कुठे आहेस?" या प्रश्नाला मी आजवर सर्वांत जास्त वेळा दिलेलं उत्तर म्हणजे, "जंगली महाराजांपाशी." कॉलेजात असताना मित्रांना दिलं, लग्न ठरल्यावर होणाऱ्या बायकोला दिलं आणि लग्न झाल्यावर तिची साड्यांची खरेदी आटपेपर्यंत ताटकळत उभं असताना तिलाच पुन्हा दिलं. यांतल्या दहातल्या नऊ वेळा मी महाराजांपाशी नव्हतोच. बालगंधर्वच्या दारात होतो, संभाजी बागेच्या कठड्याला टेकून होतो, नाहीतर पार डेक्कनच्या टोकाला रसाच्या गाड्यापाशी होतो. पण पुणेकराच्या हिशेबात हा सगळा पट्टा महाराजांचाच. त्यामुळे खोटं बोलल्याचं पाप लागत नाही आणि उशीर झाला तर समोरच्याला दोन किलोमीटर शोधत बसावं लागतं, हा वेगळा फायदा.

आमच्या ऑफिसात इंदूरहून एक मुलगी आली. मराठी घरातली, चुणचुणीत. बाकी सगळ्यांना 'सर' म्हणायची, मला मात्र तिनं आठवड्याभरात 'काका' करून टाकलं. एक दिवस चहाच्या वेळी तिनं विचारलं, "काका, जेएम रोडमधला जेएम कोण हो?"

"तूच सांग."

तिनं रीतसर विचार केला. शेजारचा एफसी रोड म्हणजे फर्ग्युसन, म्हणजे गोरा साहेब, मुंबई इलाख्याचा गव्हर्नर. मग जेएमही त्याच्याच भाऊबंदांपैकी असणार. "जॉन मॅक... असं काहीतरी?"

मी कप खाली ठेवला. दोष तिचा नव्हता. नावाला इंग्रजी आद्याक्षरांचा कोट चढवला की कुणीही साहेबच दिसतो. पण ज्या माणसाला लोक 'जंगली' म्हणायचे, ज्याला काही जण जंगली महाराज आणि काही जण जंगलीशहा म्हणून हाक मारायचे, त्याला स्कॉटलंडात नेऊन सोडायचं म्हणजे जरा अतीच झालं. जेवणाच्या सुट्टीत मी तिला घेऊन निघालो.

जेएम रोडवरून रोज हजारो माणसं जातात आणि त्यांतल्या बऱ्याच जणांना महाराजांचं मंदिर नेमकं कुठे आहे हे सांगता येत नाही. दुकानांच्या पाट्या, हॉटेलं, दुचाकींच्या रांगा यांच्या मधे एक दार आहे. आत गेलं की झाडी सुरू होते आणि हॉर्नचा आवाज असा कमी होतो, जणू कुणी रेडिओचं बटण हळूच मागे फिरवलं. शेजारी पाताळेश्वर. राष्ट्रकूटांच्या काळातलं हे लेणं एकाच खडकात खोदत गेले आणि मधेच कुठेतरी थांबले. पुण्यात काम अर्धवट टाकायची परंपरा किती जुनी आहे, याचा पुरातत्त्व खात्यानं संरक्षित केलेला पुरावाच म्हणायचा. अंगणात नंदीचा गोल मंडप आहे. तो बघताना मला दर वेळी वाटतं, नंदीला इतकी देखणी, ऐसपैस जागा मिळालेली मी दुसरीकडे कुठे पाहिली नाही.

आणि त्याला लागून महाराज. समाधी 1890 सालची. तेव्हा या भागाचं नाव भांबुर्डे होतं आणि नदीपलीकडचं भांबुर्डे म्हणजे पुणे नव्हेच. पेठेतला माणूस इकडे यायचा तो काही खास काम असलं तर. म्हणजे महाराज खरोखरच गावाबाहेर, एकांतात येऊन बसले होते. गाव नंतर त्यांच्या मागून आलं. आधी भांबुर्ड्याचं शिवाजीनगर झालं, मग बंगले आले, मग बंगले पाडून इमारती आल्या, मग इमारतींखाली बुटांची आणि मोबाईलची दुकानं आली. महाराज हलले नाहीत. हलता येत नाही, हीच तर समाधीची मुख्य अट.

मंडपातली फरशी उन्हाळ्यातही गार असते. आम्ही गेलो तेव्हा सातआठ माणसं होती. एक आजोबा पोथी वाचत होते, आवाज नाही, नुसते ओठ हलत होते. कॉलेजातल्या दोन मुली भिंतीला टेकून एकमेकींच्या वह्यांतलं काहीतरी उतरवून घेत होत्या. कुरियरची मोठी पिशवी शेजारी ठेवून एक तरुण मांडी घालून ताठ बसला होता. डोळे मिटलेले, मान किंचित डावीकडे कललेली. तो जप करतोय की झोपलाय, हे मला पाच मिनिटं निरखूनही कळेना.

"काका, हा झोपलाय का?" मुलीनं हळूच विचारलं.

"समाधी लागलीय," मी म्हटलं.

मराठीत हे बरं आहे. पतंजलींनी सांगितलेल्या योगाच्या आठ अंगांतलं शेवटचं, यम-नियमांपासून चढत चढत जिथे पोहोचायचं ते समाधी. ते गाठलेला माणूस जमिनीखाली जिथे बसवला, त्या जागेवरचा दगडी चौथराही समाधी. आणि आमचे शेजारी क्रिकेटची मॅच बघताना बायकोनं तीनदा हाक मारूनही ओ देत नाहीत, तीही समाधीच. एका शब्दात गाठायची अवस्था, मुक्कामाची जागा आणि संसारातली तक्रार, तिन्ही बसवून मराठी मोकळी झाली.

मुलीच्या मनात मात्र वेगळंच चाललं होतं. चौथऱ्यावरच्या फुलांकडे बघत ती म्हणाली, "म्हणजे ते इथे, खाली... खरंच आहेत? आपल्यात तर दहन करतात ना?"

आता हे सांगायला मी काही शास्त्री नव्हे, पण लहानपणी आत्याबरोबर इतक्या समाध्या पालथ्या घातल्यात की थोडंफार कानावर आहे. संन्यास घेताना माणूस स्वतःचं श्राद्ध स्वतःच उरकतो. घरदार सोडतो, गोत्र सोडतो आणि त्याबरोबर गृहस्थाचा अग्नीही सोडतो. कागदोपत्री, म्हणजे पंचांगी हिशेबानं, तो त्याच दिवशी गेलेला असतो. मग पुढे कधीतरी खरोखर गेला की त्याला जाळायला अग्नी कुठला आणायचा आणि क्रियाकर्म कुणाचं करायचं? म्हणून त्याला पुरतात. आडवं ठेवत नाहीत, पद्मासनात बसवतात. खड्ड्यात मीठ घालतात, बेलाची पानं, भस्म, कापूर घालतात, आणि वर चौथरा बांधून कुठे तुळशीवृंदावन, कुठे शिवलिंग, कुठे पादुका ठेवतात. नाथपंथी, दसनामी गोसावी यांच्यात ही रीत आहे आणि लिंगायतांत तर साध्या प्रापंचिक माणसालाही असंच बसवून पुरतात. काही थोड्या जणांनी जिवंतपणीच, स्वतःच्या मर्जीनं आत जाऊन बसायचं ठरवलं, त्यांची ती संजीवन समाधी.

"म्हणजे बसूनच?" ती म्हणाली.

"बसूनच."

ती थोडा वेळ गप्प झाली. तिच्या चेहऱ्यावरून मला वाटलं, तिला भीती वाटली असावी. पण ती म्हणाली, "किती छान ना. आमच्या टीममध्ये कुणाला पाच मिनिटं बसता येत नाही."

ती जे सहज बोलून गेली, ते मला त्या दिवसापासून चिकटलं. या शहरात कुणीच बसत नाही. जो तो कुठूनतरी कुठेतरी चाललेला. भाड्याची घरं अकरा महिन्यांत बदलतात, नोकऱ्या दोन वर्षांत बदलतात, उड्डाणपूल बांधतात आणि पाडून पुन्हा बांधतात. रस्ते एकेरी होतात, परत दुहेरी होतात. आणि या सगळ्यात पत्ता सांगायचा तर कुणाचा सांगतो आपण? ज्यानं घर सोडलं त्याचा. ज्याला गाव नको होतं, त्याच्या नावावर अख्खा रस्ता. ज्यानं आपलं नाव-गोत्र विधिपूर्वक टाकून दिलं, त्याचं नाव बसवर, दुकानाच्या बिलावर आणि पार्किंगच्या पावतीवर. माझं स्वतःचं घर चाळीस वर्षांत चार वेळा बदललं. महाराजांचा पत्ता तोच.

रस्त्याचं तर एक वेगळंच. जंगली महाराज रस्ता आजच्या रूपात 1 जानेवारी 1976 ला सुरू झाला. तो बांधणाऱ्या मुंबईच्या रेकॉन्डो कंपनीच्या दोन पारशी भावांनी दहा वर्षांची हमी लिहून दिली होती, की या रस्त्यावर खड्डा पडणार नाही. आणि तो पडला नाही. दहा वर्षं गेली, वीस गेली, आणखी किती पावसाळे गेले, रस्ता जसाच्या तसा. पुण्यात ही गोष्ट चमत्कार म्हणूनच सांगितली जाते. माझे एक स्नेही शपथेवर सांगायचे, की हे सगळं महाराजांचं करणं. मी म्हणायचो, अहो, डांबर नीट घातलं, पाण्याला वाट काढून दिली, एवढंच. त्यावर ते म्हणायचे, "तेच म्हणतोय मी. महापालिकेच्या हद्दीत हे सुचणं म्हणजे कृपा नाही तर काय?" यावर मला आजतागायत उत्तर सापडलेलं नाही. हिंदू आणि मुसलमान दोघांनी आपलं मानलेल्या साधूच्या नावाचा रस्ता पारशी भावांनी पक्का करावा, हे मात्र मला पुण्याला शोभून दिसतं. पुणेकर त्यावरून गाडी चुकीच्या दिशेनं चालवतात, तेही शोभूनच दिसतं.

पुण्यात बसलेले महाराज एवढेच नाहीत. दक्षिणेला धनकवडीत शंकर महाराज. त्यांचं प्रकरण अगदी निराळं. ते समाधिस्थ झाले 1947 साली, वैशाख शुद्ध अष्टमीला, म्हणजे देश स्वतंत्र होण्याच्या जेमतेम चार महिने आधी. तेव्हा धनकवडी म्हणजे साताऱ्याच्या वाटेवरचं शेताभातांचं खेडं. आज मठाच्या दारावरून सातारा रस्ता धडधडत जातो. देशातला पहिला बीआरटी मार्ग 2006 मध्ये याच रस्त्यावर सुरू झाला, आणि जवळच्या उड्डाणपुलालाही महाराजांचंच नाव आहे. अंगानं वेडेवाकडे, अष्टावक्र म्हणवले गेलेले, लहान मुलासारखे वागणारे हे सत्पुरुष. आणि त्यांना सिगारेट ओढायची सवय. म्हणून आजही काही भक्त त्यांच्यापुढे उदबत्तीसारखी सिगारेट पेटवून ठेवतात.

गुरुवारी मठात पाय ठेवायला जागा नसते. माझा एक मित्र वर्षानुवर्षं दर गुरुवारी जातो. एकदा मीही गेलो. बाहेर हार, पेढे, नारळ यांच्या जोडीला पानाच्या टपरीवरही गर्दी. मला तेव्हा डॉक्टरांच्या धाकानं सिगारेट सोडून चार महिने झाले होते आणि माझा निश्चय अजून कोवळा होता. रांगेत पुढच्या गृहस्थांनी खिशातून पाकीट काढलं, एक सिगारेट काढली, अतिशय हळुवारपणे पेटवली आणि हात जोडले. धुराची एक बारीक रेघ उभी चढली. पंख्याच्या वाऱ्यानं वळली. आणि सरळ माझ्याकडे आली. मी डोळे मिटले. शेजारच्या बाईंना वाटलं असणार, काय तल्लीन झालाय माणूस! चार महिन्यांत इतक्या मनापासून श्वास मी घेतला नव्हता.

घरी आल्यावर बायकोनं शर्ट हुंगला. "अहो, परत सुरू केलीत?"

"महाराजांकडे गेलो होतो."

"निदान नाव तरी देवाधर्माचं घेऊ नका," ती म्हणाली. दुसऱ्या दिवशी मित्राला फोन करून साक्ष द्यायला लावावी लागली. साक्षीदार स्वतःच दिवसाला पाकीटभर ओढणारा असल्यामुळे ती फारशी टिकली नाही.

एकांतासाठी बसलेल्या माणसाला लोक किती एकटं सोडतात, याची खरी गोष्ट बघायची तर चिंचवडला जावं. पवनेच्या काठी मोरया गोसावींची संजीवन समाधी. मोरगावच्या गणपतीचे हे भक्त. सगळ्यांपासून दूर, ध्यानात बुडून जायचं म्हणून आत जाऊन बसले आणि वरून दार बंद करून घेतलं, अशी परंपरा सांगते. मनुष्यानं शांततेसाठी यापेक्षा जास्त काय करायचं? आणि आम्ही काय केलं? गणपतीच्या नावाला त्यांचं नाव जोडलं आणि दर भाद्रपदात अख्ख्या महाराष्ट्रानं ते बेंबीच्या देठापासून ओरडायची प्रथा पाडली. ढोल, ताशे, हल्ली कानठळ्या बसवणाऱ्या स्पीकरच्या भिंती, आणि त्या सगळ्यावर 'मोरया'. जगात मौन धरून बसलेल्या दुसऱ्या कुणाचं नाव इतक्या मोठ्यानं घेतलं जात असेल असं मला वाटत नाही. बरं, ओरडणाऱ्या पोरांना विचारा, मोरया म्हणजे कोण? ती म्हणणार, "बाप्पाच की!"

शांतता भंग करायला पवनाही मागे नाही. पावसाळ्यात धरणातून पाणी सोडलं की ती थेट मंदिरात शिरते. त्या दिवशीच्या पेपरात फोटो ठरलेला: मंडप पाण्यात, कळस वर. आजूबाजूचे लोक कठड्यावर उभे राहून बघत असतात. कुणाच्या चेहऱ्यावर घाबरल्याचं दिसत नाही. दर वर्षी येणाऱ्या पाहुणीला कोण घाबरतो? पाणी ओसरलं की गाळ काढतात, फरशी धुतात, आरती सुरू. आसपास पिंपरी-चिंचवडचे कारखाने उभे राहिले, काही बंद पडले, त्यांच्या जागी टॉवर आले. पूररेषेबद्दल बोलताना तिथले जुने रहिवासी नकाशा काढत नाहीत. मंदिराच्या कुठल्या पायरीपर्यंत पाणी आलं ते सांगतात आणि ऐकणारा आपलं सामान वरच्या मजल्यावर न्यायचं की नाही ते ठरवतो.

आळंदीविषयी लिहायचं तर मला आत्या आठवल्याशिवाय राहत नाही. ती बालविधवा नव्हती, संन्यासिनी नव्हती, चांगली शाळेत शिक्षिका होती, पण तिला समाध्यांचा नाद. सुट्टी लागली की भाच्यांना घेऊन निघायची. तेव्हा आळंदी हे वेगळं गाव होतं. आता शहर वाढत वाढत तिथपर्यंत पोहोचलंय आणि इंद्रायणीवर वारंवार तरंगणारा पांढरा फेस बघून लांबून आलेल्या माणसाला आधी वाटतं, बर्फ पडला की काय. कारखान्यांचं आणि मोऱ्यांचं पाणी आहे ते. काठावर वारकरी त्याच पाण्याला हात लावून कपाळाला लावतात. मी दर वेळी तोंड वाकडं करतो आणि दर वेळी मला माझीच लाज वाटते, कारण त्या फेसात माझ्या घरच्या कपड्यांचा साबणही असेलच.

ज्ञानेश्वरांनी समाधी घेतली ती 1296 साली, कार्तिक वद्य त्रयोदशीला, एकविसाव्या वर्षी. एकवीस! या वयात आमच्या घरी मुलाला एटीएमचं कार्ड द्यावं की नाही यावर चर्चा चालते. ज्या एकनाथांनी पुढे तीनेकशे वर्षांनी आळंदीला येऊन समाधीचा शोध घेतला, त्यांची गोष्ट आत्या रंगवून सांगायची. स्वप्नात माउली आली आणि म्हणाली, अजानवृक्षाची मुळी कंठाला लागलीय, येऊन काढ. लहानपणी मला या गोष्टीतलं बाकी काही कळायचं नाही, पण घशाला मूळ टोचणं मात्र लगेच कळायचं. रात्री झोपेत मी आपला गळा चाचपून बघायचो.

गाभाऱ्यात गेलं की आत्या आवाज बारीक करायची. आम्ही पोरं गर्दीत ढकलाढकली करायला लागलो की खसकन दंड धरून म्हणायची, "हळू. माउली बसलेत आत." गेलेल्या माणसाबद्दल कुणी असं बोलत नाही. शेजारच्या खोलीत वडीलधारं माणूस कामात असेल तर असं बोलतात. तिच्या लेखी ते तसंच होतं. समाधीच्या शिळेवर ती डोकं टेकवायची आणि मग एक क्षण तळहात तसाच ठेवायची, ताप बघावा तसा. बाहेर अजानवृक्षाखाली बायामाणसं पारायणाला बसलेली असायची. आम्ही कंटाळून "आत्या, चल ना" सुरू केलं की म्हणायची, "सातशे वर्षं ते एका जागी बसलेत. तुला सात मिनिटं जमत नाहीत?"

तरी मी एकदा तिला पकडलं होतं. "बसलेत म्हणतेस, मग पालखीतून दर वर्षी पंढरपूरला कोण जातं?" ज्येष्ठात पालखी पुण्यात शिरते, तेव्हा सगळं शहर खोळंबतं. एरवी सिग्नलला तीस सेकंद न थांबणारा पुणेकर त्या दिवशी दोन दोन तास फुटपाथवर उभा राहतो. एकविसाव्या वर्षी बसलेला मुलगा तेव्हा चालत असतो आणि एरवी पळणारं गाव थांबलेलं असतं. आत्या थोडी विचारात पडली. मग म्हणाली, "पादुका जातात. पाय मोकळे करायला." आणि माझ्या हातावर चिक्की ठेवून तिनं तो वाद मिटवला.

आत्या जाऊन आता बारा वर्षं झाली. तिचं दहन झालं, वैकुंठ स्मशानभूमीत, विद्युतदाहिनीत, वीस मिनिटं रांगेत थांबून. तिच्या नावाचा दगड कुठे नाही.

आणि आता आमच्या घरची गोष्ट. आमची सोसायटी जुनी, रिडेव्हलपमेंटला गेलेली. जागा ज्यांची मूळ शेतजमीन होती, त्यांच्या वेळेपासून आवारात, कंपाउंडच्या कोपऱ्यात, एक बाबा होते. बाबांचं नाव कुणाला ठाऊक नाही. गुडघाभर उंचीचा चौथरा, वर दोन पावलं कोरलेली, झिजून एका पावलाची बोटं गेलेली. जुन्या सेक्रेटरींनी कधीतरी त्यांच्याकडे उरलेल्या बाथरूमच्या फिकट निळ्या टाइल्स चौथऱ्याला लावल्या. त्यावर डॉल्फिनची चित्रं आहेत. बाबा कुठल्या पंथाचे होते ते माहीत नाही, पण डॉल्फिनला त्यांनी हरकत घेतलेली नाही.

नवीन इमारतीच्या नकाशात बाबा नेमके पार्किंगमध्ये आले. बिल्डरचा तरुण आर्किटेक्ट म्हणाला, शिफ्ट करू. तेव्हा सभेत जे झालं ते पाहण्यासारखं होतं. जी माणसं कार्पस फंडाच्या रकमेवरून सहा महिने एकमेकांशी बोलत नव्हती, ती एका सुरात म्हणाली, "बाबांना हात लावायचा नाही." आमच्यात एक पक्के नास्तिक आहेत, सत्यनारायणाच्या प्रसादालाही 'शिरा' म्हणणारे. ते उठले. आम्हाला वाटलं, आता हे अंधश्रद्धेवर बोलणार. ते म्हणाले, "खाली काय आहे हे मला माहीत नाही आणि तुम्हालाही नाही. पण तो माणूस इथला आपल्यापेक्षा जुना मेंबर आहे. आणि मेंटेनन्स थकवल्याची त्याच्याविरुद्ध एकही तक्रार नाही." ठराव एकमतानं मंजूर झाला. इतिवृत्तात तो 'विषय क्र. 7: कोपऱ्यातील बाबा' असा नोंदलेला आहे. आर्किटेक्टनं निमूटपणे नकाशात एक खाच ठेवली. त्यामुळे तिथली एक चारचाकीची जागा गेली. ती नेमकी माझी होती.

तेव्हापासून माझी गाडी रस्त्यावर असते. सुरुवातीला मी बाबांवर थोडा नाराज होतो. येता जाता नजर टाळायचो. मग हळूहळू सवय झाली. संध्याकाळी वॉचमन पणती लावतो. तो बिहारचा आहे, त्याच्या गावी शेताच्या बांधावर असेच एक बाबा आहेत म्हणे. शाळेची बस चुकलेली पोरं चौथऱ्यावर बसून रिक्षाची वाट बघतात. कुणीतरी मोबाईलच्या नकाशावर तिथे खूण करून ठेवलीय: 'बाबा समाधी (पार्किंग)'. तिला पाच तारेही दिलेत आणि खाली शेरा आहे: 'शांत जागा. दुचाकी लावता येते.'

परवा रात्री नऊला जेवण मागवलं. नवीन इमारतीला तीन दारं, त्यांतली दोन कायम बंद. डिलिव्हरीवाल्या मुलाचा फोन आला, "सर, लोकेशन गोल गोल फिरवतंय. नेमकं कुठं येऊ?"

मी खाली उतरलो होतो. आजूबाजूला पाहिलं. विंग, गेट, नंबर काही तोंडात येईना.

"बाबांपाशी ये," मी म्हटलं.

"कुठल्या बाबांपाशी?"

"निळे डॉल्फिन दिसतील."

दोन मिनिटांत तो आला. हेल्मेट काढलं, पिशवी खांद्यावरून उतरवून जमिनीवर ठेवली. मला ती उचलून घ्यायची घाई होती, भूक लागली होती. तेवढ्यात त्यानं पायांतले बूट पाठीमागून टाचेनंच सोडवले, मोज्यांवर दोन पावलं पुढे गेला आणि बोटं गेलेल्या त्या पावलावर हात ठेवून क्षणभर थांबला. ताप बघावा तसा.

मग मागे वळून म्हणाला, "सर, ओटीपी सांगा."